पंचनाम्यातला हत्ती

माघी गणेशजयंतीला आमच्या कॉलेजला सुट्टी नसते, पण वर्ग निम्मेच भरतात. अकराच्या सुमारास एका जुन्या विद्यार्थ्याचा फोन आला. पैठणच्या खालच्या अंगाला, गोदाकाठी त्याचं गाव. पावसाळ्यात कातरलेली दरड आता ढासळली होती आणि आतून ‘डायनासोर’ निघाला होता. पुराव्यादाखल व्हॉट्सअ‍ॅपवर व्हिडिओ. पिवळट मातीत अडकलेलं काळपट तपकिरी ढेकूळ, शेजारी मोजमापासाठी ठेवलेली कुणाची तरी चप्पल आणि मागे हलगीचा आवाज.

डायनासोर नाही, हे व्हिडिओ न उघडताही सांगता आलं असतं. आपल्याकडे डायनासोरची हाडं मिळतात ती मुख्यतः चंद्रपूर जिल्ह्यात, वरोऱ्याजवळच्या पिसदुऱ्याला, आणि तीही लाव्हाच्या थरांच्या खालच्या खडकात. गोदावरीचा गाळ त्यापुढे कालपरवाचा, म्हणजे काही हजार ते काही लाख वर्षांपूर्वीचा. त्यात सापडतात ते सस्तन प्राणी: मोठ्या शिंगांचे रानबैल, घोडे, हत्ती, पाणघोडे. मराठवाड्यात पाणघोडे होते म्हटलं की वर्गातली पोरं अजूनही एकमेकांकडे बघून हसतात.

प्लॅस्टर ऑफ पॅरिसची पिशवी, गोणपाट, जुनी वर्तमानपत्रं, रंगाचे ब्रश आणि फेव्हिकॉल गाडीत टाकलं. भूगर्भशास्त्राच्या तिसऱ्या वर्षाची एक विद्यार्थिनी बरोबर निघाली. पोरगी हुशार, पण भारी उतावळी. गाडी पैठणच्या पुढे जाईपर्यंत तिनं फोनवर अर्धं पुराजीवशास्त्र वाचून काढलं होतं.

पोचलो तर नदीकाठी जत्राच. काठ उभा तुटलेला, दोन पुरुष उंच. वर पिवळी माती आणि खाली चुन्यानं सिमेंटसारखा घट्ट सांधलेला वाळू-गोट्यांचा थर. त्या थरातून ती वस्तू अर्धी बाहेर आलेली. तिच्यावर हळदकुंकू वाहिलेलं, समोर फोडलेला नारळ, उदबत्ती लावलेली. सरपंच होते, तलाठी होते, तालुक्याच्या पेपरचा बातमीदारही होता. तलाठ्यांच्या हातात पंचनाम्याचे कागद. त्यांनी नमस्कार केला आणि सरळ मुद्द्यालाच हात घातला: “सर, हे काय आहे तेवढं सांगा. वस्तूचं वर्णन हा रकाना रिकामा आहे.”

मी गुडघ्यावर बसलो. कुंकू ब्रशनं अलगद बाजूला केलं. (एका आजींनी “आसं पुसू नये” म्हणून टोकलं, तेव्हा आधी हात जोडले.) दाढ होती. हत्तीच्या जातकुळीतल्या कुठल्या तरी प्राण्याची, वीतभराहून चांगलीच लांब. चावायचा पृष्ठभाग वर होता, पण त्यावर चुनखडीचं जाड पुट. जबड्याच्या हाडाचा एक तुकडा खाली चिकटलेला. त्याचा निखळलेला कपचा उचलून जिभेला लावला. चिकटला. हाडाच्या बारीक छिद्रांत जीभ धरली जाते, दगड असा धरत नाही. हा प्रकार पाहून बातमीदारानं फोटो काढला. दुसऱ्या दिवशी तो छापून आला नाही, एवढं माझं नशीब.

तेवढ्यात विद्यार्थिनी मोठ्यानं वाचायला लागली. “सर, स्टेगोडॉन असेल! इथं लिहिलंय, भारतात सापडलेल्या एका जातीचं नावच स्टेगोडॉन गणेशा आहे.”

झालं. माघी जयंतीचा दिवस, समोर सोंडवाल्याची दाढ आणि पुस्तकातल्या नावात साक्षात गणपती. गर्दीतून “मोरया” उठला. दाढ गणपतीच्या देवळात ठेवायची असं सरपंचांनी तिथल्या तिथे जाहीर केलं. तलाठ्यांनी पेन सरसावून विचारलं, “स्टे-गो-डॉन, मधे गो ना?”

“थांबा भाऊसाहेब,” मी म्हटलं. “अजून लिहू नका.”

नाव पोरीनं मनाचं काढलेलं नव्हतं. १८३०च्या दशकात सहारनपूरच्या वनस्पती उद्यानाचा अधीक्षक ह्यू फाल्कनर आणि दोआबाच्या कालव्यावरचा इंजिनिअर प्रॉबी कॉटली, या दोघांनी हिमालयाच्या पायथ्याच्या शिवालिक टेकड्यांतून जीवाश्मांचा ढीग उपसला. नावं ठेवताना त्यांनी आपल्या देवांना हक्कानं बोलावलं. जिराफाच्या कुळातल्या एका आडदांड प्राण्याला त्यांनी सिवाथेरियम म्हटलं, म्हणजे शिवाचं जनावर. आणि १८४६च्या सुमारास या हत्तीसारख्या प्राण्याला गणेशा. त्याचे सुळे लांबच लांब आणि एकमेकांना इतके खेटून, की मधून सोंड खाली सोडायला जागाच नाही. ती बाजूनं काढावी लागत असणार. आमच्या गणपतीची सोंडही डावीउजवीकडे वळलेली असते, हे फाल्कनरच्या डोक्यात होतं की नाही देव जाणे. मला आपला तो योगायोग आवडतो.

पण शब्दाची खरी गंमत पहिल्या अर्ध्यात आहे. ग्रीकमध्ये स्टेगोस म्हणजे छप्पर आणि ओडोन म्हणजे दात. छपरासारखी दाढ असलेला, तो स्टेगोडॉन. ना सोंडेचा उल्लेख, ना सुळ्यांचा, ना आकाराचा. ज्यानं नाव दिलं त्यानं ओळखीची खूणच नावात बांधून ठेवली. म्हणून दाढेवर छप्पर दिसल्याशिवाय हा शब्द वापरायचा नाही.

गर्दीत एक गवंडी होते. त्यांना पुढे बोलावलं. दाढेची एक बाजू दरडीबरोबर तुटली होती, तो ताजा काप त्यांना दाखवला. “मामा, कौलारू घरांची ओळ बाजूनं पाहिली तर कशी दिसते? टोक, पन्हळ, टोक, पन्हळ. स्टेगोडॉनची दाढ लांबीच्या दिशेनं उभी कापली की तशी दिसते. बुटक्या आडव्या कडा, मधे उघडी खोलगट जागा. आता हे बघा.”

गवंडीमामांनी बोट फिरवलं. कापात उंच, चपट्या, सरळ उभ्या पट्ट्या होत्या, एकीला लागून दुसरी. प्रत्येक पट्टीभोवती एनॅमलची चकचकीत कड, आत दंतिनाचा, म्हणजे दाताच्या आतल्या हाडासारख्या भागाचा, मातकट गाभा आणि दोन पट्ट्यांमधली फट दातावरच्या निराळ्या पांढुरक्या थरानं गच्च भरलेली. मामा म्हणाले, “छप्पर न्हाई हे. भरीव काम हाय.”

यापेक्षा नेमकं मला सांगता आलं नसतं. छपराच्या दाढेनं झाडपाला चावता येतो. गवताचं तसं नाही. गवतात वाळूसारखी बारीक सिलिका असते, वर नदीकाठची माती, त्यानं दात झिजत जातो. खऱ्या हत्तींनी त्यावर उंच दाढेचा उपाय काढला: पट्ट्या जास्त, उंची जास्त आणि मधल्या फटी बुजवलेल्या. शिवाय एक झिजली की मागून दुसरी दाढ पुढे सरकते, जन्मात अशा सहा खेपा.

जुन्या पुस्तकांत मॅस्टोडॉन (हाही एक नामशेष सोंडवाला), मग स्टेगोडॉन, मग हत्ती अशी शिडी काढलेली असे. फाल्कनरलाही स्टेगोडॉन मधल्या पायरीवरचाच वाटला होता. आता तसं मानत नाहीत. स्टेगोडॉन हे हत्तींचं चुलतघराणं. सोंड, सुळे, धिप्पाड अंग हे सगळं जवळपास सारखं, पण वंश वेगळा आणि पुढे निर्वंश झालेला. इंडोनेशियातल्या फ्लोरेस बेटावर त्यातले बुटके स्टेगोडॉन तर तिथल्या बुटक्या माणसांच्या काळातही होते.

बातमीदाराला हे फार झालं. “सर, मॅमथ लिहू का? लोकांना कळतं.”

लोकांना कळतं ते केसाळ मॅमथ, थंड माळरानांवरचं. ते गोदावरीवर काय करील? पण छापील मराठीत जमिनीतून निघालेला प्रत्येक मोठा हत्ती मॅमथ होतो, यावर माझा राग जुना आहे. मी त्यांना ‘नामशेष हत्तीची दाढ’ एवढंच लिहायला सांगितलं. त्यांनी मान डोलावली. बातमीचा मथळा अर्थातच ‘गोदाकाठी मॅमथ’.

आता प्रश्न रकान्याचा. स्टेगोडॉन नाही, मग कोण? संशय पॅलिओलॉक्सोडॉन नामाडिकसवर होता. नामाडिकस म्हणजे नर्मदेचा. पण तो गोदावरीलाही परका नाही. भूवैज्ञानिक गाय पिलग्रिम यांनी १९०५ साली नांदूर-मधमेश्वरजवळच्या गाळातल्या अशाच हत्तीवर लिहून ठेवलंय. अवाढव्य प्राणी. जमिनीवर वावरलेल्या सर्वांत मोठ्या सस्तन प्राण्यांत त्याची गणना होते. चुनखडीचं पुट एका कोपऱ्यात सुईनं उकरलं तेव्हा एनॅमल जाड आणि चुण्या पडलेलं दिसलं, पट्टीच्या मध्यावर फुगवटाही होता. हे त्याच्याशी जुळणारं. पण नामाडिकसची पक्की ओळख कवटीवर पटते, कपाळावर पुढे आलेल्या जाड हाडाच्या कंगोऱ्यावरून. आमच्याकडे कवटी नव्हती. एकट्या दाढेवर शिक्का मारायला मी तयार नव्हतो.

अशा वेळी आमच्या शास्त्रात नावाच्या मधे ‘सी.एफ.’ ही दोन अक्षरं घालतात. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ ‘ताडून पाहा’. प्राणी बहुतेक हाच, पण पुरावा अपुरा. हे तलाठ्यांना समजावताना मी घाम पुसत होतो.

ते हसले. “सर, यात काय एवढं? नदीत बॉडी सापडली की आम्ही लिहितो, अनोळखी पुरुष, वय अंदाजे चाळीस. नातेवाईक येईपर्यंत नाव टाकत नाही. तसंच ना?”

“अगदी तसंच.”

त्यांनी सुबक अक्षरात लिहिलं: ‘नामशेष हत्तीची दाढ एक नग, पॅलिओलॉक्सोडॉन नामाडिकस सदृश, जबड्याच्या तुकड्यासह, अंशतः भग्न.’ सी.एफ.ला ‘सदृश’ ही त्यांचीच कल्पना. मी तेव्हापासून वर्गातही तोच शब्द वापरतो.

सरपंच मात्र नाराज. आजींनी विचारलं, “मंग ह्यो गणपतीचा हत्ती न्हाई?” मी म्हटलं, “आजी, ते नाव दुसऱ्याच्या दाढेचं आहे. याला दिलं तर दोघांवरही अन्याय.” आजींना हे पटलं नाही. “नाव कुणाचं बी घ्या, कुकू राहू द्या,” एवढी तडजोड त्यांनी सुचवली आणि ती मी लगेच मान्य केली. दाढेच्या कडेला आजही लालसर डाग आहे.

दाढ उचलायला दुपार गेली. आधी पाण्यात पातळ केलेलं फेव्हिकॉल भेगांत थेंबथेंब सोडलं. मग ओल्या वर्तमानपत्राचे थर, म्हणजे प्लॅस्टर थेट दाताला लागत नाही. त्यावर प्लॅस्टरमध्ये बुडवलेल्या गोणपाटाच्या पट्ट्या, उभ्या-आडव्या. प्लॅस्टर घट्ट होताना गरम होतं. गावातल्या पोरांनी एकेक करून हात लावून ते पाहिलं. विद्यार्थिनी खालून छिन्नीनं गोटे सोडवत होती. स्टेगोडॉनचा विषय तिनं पुन्हा काढला नाही, पण बॅगेतल्या वहीत दाढेच्या कापाचं चित्र काढलं आणि शेजारी कौलांची ओळ. चित्र छान होतं. दाढ कुठे राहणार यावर संध्याकाळपर्यंत घोळ चालला. शेवटी अस्सल कॉलेजच्या संग्रहालयात आणि प्लॅस्टरची हुबेहूब प्रतिकृती गावच्या शाळेत, असं ठरलं. प्रतिकृती आम्ही दिलीही.

पुढे कागद वर गेला आणि परत आला. समासात लाल शाईचा शेरा: ‘सदृश म्हणजे काय? नक्की प्राणी कोणता ते स्पष्ट नमूद करून फेरसादर करावे.’ तलाठ्यांनी फोन केला, “सर, आता काय लिहू?” मी कॉलेजच्या लेटरहेडवर उत्तर दिलं: सादर अवशेषांवरून यापेक्षा अधिक सांगणे शक्य नाही, त्याच दरडीत कवटीचा भाग मिळाल्यास सुधारित अभिप्राय देऊ, तोवर ‘सदृश’ कायम ठेवावे. यंदा पाणी ओसरलं की ती दरड परत बघायला जायचं आहे. गवंडीमामांनी यायचं कबूल केलंय.