ताटाच्या कडेला

परवा दुपारी शेगडीवर टोमॅटोचा रस्सा रटरटत होता आणि वर एक अख्खी मिरची तरंगत होती. स्कॉच बॉनेट. बुटकी, पिवळीधमक, बाजूंनी चेपलेली, दिसायला इतकी गोड की खेळणं म्हणून पोराच्या हातात द्यावी. कोळंबी अजून पडायची होती. मी डाव धरून नुसती त्या मिरचीवर लक्ष ठेवून उभी, कारण आमच्या शेजारी राहणाऱ्या, मूळच्या ट्रिनिदादच्या आंटींची सक्त ताकीद की मिरची देठासकट अख्खी सोडायची, चीर द्यायची नाही, डावाचा धक्का लागू द्यायचा नाही आणि शेवटी अलगद उचलून बाहेर काढायची. वास हवा, तिखट नको. फुटली तर पोरांना ब्रेड-बटर द्यायचं आणि आपण देवाचं नाव घ्यायचं.

तर तिथे उभं राहून राहून मनात आलं की आपल्याकडे पण किती गोष्टी अशा असतात ना, ज्या पातेल्यात जातात पण पोटात जात नाहीत. आमटीतलं कोकम. बांगड्याच्या तिखल्यातली तिरफळं. कढीपत्ता, मसालेभातातलं तमालपत्र, दालचिनीचा तुकडा, तो नेमका बटाटा समजून चावला जातो. जेवणं आटोपली की हे सगळं ताटाच्या कडेला येऊन बसलेलं असतं. मला लहानपणापासून दुसऱ्याच्या ताटाची कड बघायची खोड आहे. वाईट खोड आहे, माहितीये, पण पंगतीत बसले की नजर तिकडे जातेच. काही लोक पहिला घास घ्यायच्या आधीच कढीपत्ता निवडून बाहेर काढतात, त्यांच्याशी माझं सहसा जमत नाही. काही जण तो वाटीखाली लपवतात. आमचे बाबा ह्या बाबतीत भयंकर, त्यांच्या ताटाची कड कायम कोरी. कोकम चोखून चोखून त्याचा पार कागद झाला की तोही खायचे, माशाचे काटेसुद्धा मऊ असतील तर चावून टाकायचे, आणि आई म्हणायची, अहो मांजरासाठी तरी ठेवा काहीतरी.

कोळंबीच्या बाबतीत मात्र कडेला फार महत्त्व. आजोळी, वेंगुर्ल्याला, मे महिन्यात आम्ही दहा-बारा पोरं असायचो आणि कोळीण मागच्या दारी टोपली उतरवायची तेव्हापासून आमचा हिशोब सुरू. आजी पडवीत पाटावर बसून सोलायची. डोकं मोडायचं, साल एका झटक्यात, पाठीतला काळा दोरा नखाने ओढून काढायचा, शेपटी मात्र ठेवायची. डोकी टाकायची नाही, ती ठेचून पाणी गाळून आमटीत घालायची, म्हणून तिची आमटी तशी व्हायची. मांजरं दोन, खांबाच्या आड, अगदी सभ्यपणे.

तर बांगडा कसा, एक म्हणजे एक, सुरमईची तुकडी म्हणजे तुकडी, भांडायला फारसा वाव नाही, फार तर डोक्याकडची का शेपटीकडची एवढंच. कोळंबी मोजता येते. वाढताना आजी ओठ न हलवता मोजत असणार, पण आम्हाला तिच्या मोजण्यावर विश्वास नव्हता आणि आमटीत बुडालेल्या कोळंब्या दिसत नाहीत, त्यामुळे खरा हिशोब जेवण झाल्यावर, ताटाच्या कडेला मांडलेल्या शेपट्यांवरून व्हायचा. माझ्या सहा, तुझ्या सात का? शेपट्या म्हणजे पुरावा. माझा एक मावसभाऊ होता तो निम्म्या शेपट्या चावून गिळायचा आणि मग रडवेला चेहरा करून कड दाखवायचा, बघा मला चारच मिळाल्या. आजीला कळत नसेल असं नाही. वाढायची आणखी दोन. तो आता बँकेत बऱ्यापैकी वरच्या जागेवर आहे, कर्ज मंजूर करतो म्हणे.

इथे स्कारबरोमध्ये, म्हणजे टोरोंटोच्या ह्या अंगाला, कोळंबीचं फ्रोझन पाकीट घेतलं तर त्यावरच छापलेलं असतं, 16/20, 21/25, 31/40. म्हणजे एका पाउंडात एवढे नग. आकडा जितका लहान तितकी कोळंबी मोठी. मी पहिल्यांदा ते वाचलं तेव्हा दुकानात उभी राहून हसले, आजी असती तर म्हणाली असती, ह्यांनीच मोजून ठेवलंय, बरं झालं. आणि पाकिटाच्या मागे बारीक अक्षरात, प्रॉडक्ट ऑफ इंडिया. ही बहुतेक वेळा व्हेनामी कोळंबी, मूळची अमेरिका खंडाच्या पॅसिफिक किनाऱ्यावरची, मेक्सिकोपासून खाली पेरूपर्यंतची. 2009 मध्ये आपल्याकडे तिच्या शेतीला परवानगी मिळाली आणि बघता बघता आंध्राच्या तळ्यांमधून जगभर जायला लागली. म्हणजे ही बाई इकडून तिकडे गेली, तिकडे वाढली आणि गोठून परत इकडे आली, माझ्या सिंकमध्ये. असो.

आंटींची पद्धत सांगते, कृती म्हणून नाही, सहजच. कोळंबी लिंबू चोळून धुवायची, हे तर आपलंच. मग ग्रीन सीझनिंग. हे त्यांच्या फ्रिजमध्ये बरणीत कायम असतं, आपल्या आलं-लसूण पेस्टच्या जागी, पण त्यात चाइव्ह, थाईम, लसूण, पिमेंटो मिरच्या आणि शाडो बेनी. शाडो बेनी म्हणजे लांब, कडेला करवतीचे दात असलेलं पान, वास कोथिंबिरीचा पण कोथिंबिरीने आवाज चढवून बोलावं तसा. आंटी मधूनच त्याला बनधनिया म्हणतात. पिमेंटो ही ट्रिनिदादची लांबट मिरची, वास स्कॉच बॉनेटच्या जवळपास आणि तिखट जवळजवळ नाहीच. ती वेस्ट इंडियन दुकानात मागताना समोरचा ट्रिनिदादचा आहे ना हे आधी बघून घ्यायचं, कारण जमैकावाल्याला पिमेंटो म्हणालात तर तो ऑलस्पाइस नावाचा मसाला काढून देतो आणि वर तुम्हालाच वेड्यात काढतो.

मग तेलात कांदा, लसूण, आणि टोमॅटो. भरपूर. इथेच माझं घोडं अडतं. आमच्या घरात मासळीत टोमॅटो हा हॉटेलवाल्यांचा धंदा. आंबटपणाला कोकम, नसलं तर चिंच, कैरीच्या दिवसात कैरी. टोमॅटो घातलेली कोळंबी कोणाच्या घरी खाल्ली की आई परत येताना रिक्षात गप्प बसायची आणि घरी आल्यावर एवढंच म्हणायची, छान होतं हो, लाल होतं. त्यामुळे टोमॅटो चिरताना आजसुद्धा मला उगाच कोणीतरी मागे उभं आहे असं वाटतं. पण आंटींचा टोमॅटो वेगळा वागतो हे मान्य करायला पाहिजे. त्या त्याला घाई करत नाहीत. थाईमची काडी अख्खी टाकायची, कोळंबीच्या सालांचं उकळलेलं पाणी थोडं थोडं, वर ती मिरची, आणि मंद आचेवर टोमॅटो पार विरघळून तेल कडेने सुटेपर्यंत तसंच. मग त्या चमचाभर केचप घालतात, मी दुसरीकडे बघते. कोळंबी अगदी शेवटी, दोन-तीन मिनिटं, इंग्रजी सी अक्षरासारखी वाकली की बस, ओ झाली की रबर. खाली उतरवून लिंबू. बरोबर भात, नाहीतर फ्राय बेक, म्हणजे तळलेली जाडसर फुगीर भाकरीच म्हणा.

हे सगळीकडे असंच करतात असं नाही. क्युबात त्याला कामारोनेस एन्चिलादोस म्हणतात, म्हणजे मिरचीतली कोळंबी, नाव ऐकून वाटतं आता जीव जाणार आणि असतं मात्र अगदी सोज्वळ, ढोबळी मिरची, वाइन आणि तमालपत्र. पोर्तो रिकोत रश्श्यातच तांदूळ सोडून आसोपाओ करतात, पातळ खिचडीच्या अंगाने जाणारा. मी क्युबाचं करून बघितलं, बरं लागतं, पण मग तिखटाची बाटली शोधावी लागते. ट्रिनिदादचं आपल्या जिभेला जवळचं, त्याला कारण आहे.

आंटींचे पूर्वज बोटीने गेलेले. फातेल रझाक नावाचं जहाज 30 मे 1845 ला सव्वादोनशेच्या आसपास माणसं घेऊन कलकत्त्याहून ट्रिनिदादला लागलं, त्या दिवशी तिथे अजून सुट्टी असते. मग 1917 पर्यंत येतच राहिली जहाजं, एक लाख चाळीस हजारांहून जास्त माणसं, उसाच्या मळ्यांवर करारावर, गिरमिटिये. बहुतेक भोजपुरी मुलखातली. आपली माणसं तिकडे फारशी नाहीत, मॉरिशसला गेली ती. त्यामुळे आंटींच्या स्वयंपाकघरात तवा आहे, कढई आहे, जिऱ्याला गीरा आणि फोडणीला चुंके आहे, भाजलेल्या वांग्याचा आणि टोमॅटोचा चोखा आहे, अळूच्या पानांना डाळीचं पीठ लावून तळलेली सहीना आहे, ती मी पहिल्यांदा खाल्ली तेव्हा माझ्या तोंडून अळूवडी असा शब्द इतक्या जोरात निघाला की त्यांचा कुत्रा भुंकला. मराठी माणूस मात्र त्यांना एकच माहीत, गावस्कर. 1971 ला पोर्ट ऑफ स्पेनला आंटींचे मोठे भाऊ मॅच बघायला गेले होते आणि घरी येऊन वेस्ट इंडीज हरली ह्याचं दुःख करायचं की ह्या पोराचं कौतुक करायचं ह्यात दोन दिवस जेवले नव्हते म्हणे. चार टेस्टमध्ये 774 रन्स, आंटींना आकडा पाठ आहे. मला विचारलं, तुझ्या गावचा का? मी म्हटलं, नाही, मुंबईचा. पण हो म्हणावंसं वाटलं होतं.

नवऱ्याचं राहिलंच. तो कोल्हापूरचा. कोल्हापूरच्या माणसाला मिरची जपून खा म्हणणं म्हणजे काय, तुम्हाला माहितीच आहे. मागे एकदा आंटींकडेच जेवायला होतो, मी माझ्या ताटाच्या कडेला ती स्कॉच बॉनेट काढून ठेवलेली, शिजून मऊ झालेली, निरुपद्रवी. तो म्हणाला, ही टाकणार का, आणि उचलून अर्धी तोंडात. लवंगी खाऊन वाढलोय आम्ही वगैरे वाक्य तयार असावं, पण ते बाहेर आलं नाही. ही मिरची एक लाखापासून साडेतीन लाख स्कोव्हिलपर्यंत जाते, स्कोव्हिल म्हणजे तिखटपणाचं माप, मेक्सिकोची हालापेन्यो मिरची आठ हजाराच्या वर जात नाही, एवढ्यावरून समजा. आंटी शांतपणे उठल्या, दूध आणलं, साखर आणली. वीसेक मिनिटांनी तो पहिलं वाक्य बोलला, "ही मिरची नाहीये." मग काय आहे ते काही त्याने सांगितलं नाही. आता तो कड बघून जेवतो.

त्याच रात्री मी आंटींना विचारलं होतं की ही कोळंबी तुम्हाला आईने शिकवली का. हो म्हणाल्या. आणि तिला? तिला शेजारच्या क्रिओल बाईने. मग त्यांनी आतून एक कागद आणला, कोणीतरी नातेवाइकाने ट्रिनिदादच्या दफ्तरातून काढलेली नक्कल, त्यांच्या पणजोबांच्या पासची, म्हणजे बोटीने परदेशी जायच्या परवान्याची. नाव, बापाचं नाव, जिल्हा, ठाणं, गाव, उंची, अंगावरची खूण. जिल्हा बस्ती. मला म्हणाल्या, तू तर समुद्राकाठची, हे गाव तुझ्या गावाच्या जवळ असेल ना, बोटीने आला म्हणजे समुद्राजवळचाच असणार. मी फोनवर नकाशा काढून दाखवला. बस्ती पार वर, नेपाळच्या अंगाला, तिथून समुद्र म्हणजे शेकडो मैल. आंटी बराच वेळ बोटांनी नकाशा लहान-मोठा करत राहिल्या. मग म्हणाल्या, म्हणजे त्याने समुद्र बघितला तो बोटीत चढतानाच. मी म्हटलं, बहुतेक. आणि कोळंबी? मी काय सांगणार, नदीतली खाल्ली असेल कदाचित, नाहीतर नसेलही. खूण म्हणून डाव्या गालावर व्रण असं लिहिलंय, तो कशाचा तेही त्यावर नाही.

मग त्यांनी कागद घडी करून ठेवला आणि ताटं उचलायला घेतली. माझ्या ताटाकडे बघून म्हणाल्या, पुढच्या वेळी नारळाचं दूध घालून बघ, आम्ही तसंही करतो, नारळ तर तुमच्याकडचाच. ते खरंच आहे, अटलांटिकच्या बाजूला नारळ पोर्तुगीजांनी हिंदी महासागरातून नेला. बदल्यात मिरची आणि टोमॅटो आपल्याकडे आले, व्यवहार वाईट झाला नाही. पण नारळ मी घालणार नाही. एकदा नारळ घातला की हात आपोआप कोकमाच्या डब्याकडे जातो, आणि मग ते ट्रिनिदादचं राहत नाही, आणि आमचं तर होतच नाही, टोमॅटो असतो ना त्यात.