ट्रॅगोपोगॉनची नोंदवही: पोचट बी, भरलेलं बी

२४ मे, पुलमन, वॉशिंग्टन. सकाळी आठलाच बाहेर पडले, कारण ट्रॅगोपोगॉनची ही रानफुलं दुपार व्हायच्या आत मिटतात. रस्त्याकडेच्या पडीक पट्ट्यात चार झाडं मिसेलससारखी, म्हणजे दोन ट्रॅगोपोगॉन जातींच्या संकरातून जन्मलेल्या नव्या जातीसारखी, वाटली. ‘वाटली’ असंच लिहिते. गेल्या वर्षी दोन्ही पालकांच्या मधलं दिसणारं प्रत्येक झाड मी मिसेलस म्हणून नोंदवलं होतं, ते चुकलं.

ड्युबियस आणि प्रटेन्सिस हे पालक मूळचे युरोपाकडचे, प्रत्येकी १२ गुणसूत्रांचे. त्यांचा साधा संकर जवळजवळ वांझ असतो. गुणसूत्रं दुप्पट होऊन २४ झाली, की मगच बी धरणारी नवी जात उभी राहते. वनस्पतिशास्त्रज्ञ मॅरियन ओनबी यांनी १९५० मध्ये मिसेलस आणि तिची सावत्र बहीण मायरस या दोन जाती इथूनच वर्णिल्या. विसाव्या शतकात, याच भागात जन्मलेली फुलं! रोज त्यांच्यावरून जाते, तरी नवल ओसरत नाही.

१ जून. शेजारच्या आयडाहोतल्या मॉस्कोला गेले. तिथल्या मिसेलसच्या पाकळ्या आखूड. फुलाखालची हिरवी पानांसारखी छदं त्यांच्या बाहेर चांदणीसारखी पसरलेली. पुलमनच्या लांब पाकळ्या. पालक तेच, पण पुलमनला आई ड्युबियस, मॉस्कोला प्रटेन्सिस. दोन्ही गावांत मिसेलस वेगवेगळी जन्मली, हे भिंगाशिवायही दिसतं.

१३ जून. चारपैकी एक झाड गवत कापणाऱ्यांनी उडवलं. फार वाईट वाटलं, बी पिकायला दोनच दिवस उरले असावेत. उरलेल्या तिघांचे म्हाताऱ्यांचे गोल हातात घेतले आणि एकेक बी नखाने दाबलं. पहिल्या झाडाचा गोल नीट उमललाच नव्हता. बिया फिकट, चपट्या, दाबताच मोडणाऱ्या. भाताच्या पोचट दाण्यासारख्या. चाळीस तपासल्या, भरलेली एकही नाही. म्हणजे हा साधा संकर. दुसऱ्या दोघांचं बी टणक, खरखरीत, नखाला दाद न देणारं. ही मिसेलस.

फुलावरून साधा संकर आणि मिसेलस यांत मला अजून खात्रीने फरक करता येत नाही, बियांवरून येतो. तुम्हीही शोधत असाल तर फुलाच्या फोटोवर थांबू नका. झाडाला खूण करून ठेवा, पंधरा-वीस दिवसांनी पुन्हा जा.

दोन्ही मिसेलस झाडांचं बी वेगळ्या पाकिटांत ठेवलंय. कुंडीत पेरल्यावर बहुधा पहिल्या वर्षी गवतासारखी पानंच येतील.