हो म्हणणारा कुत्रा आणि एअरबॅगचं झाकण

नाशिकला द्वारका चौकाजवळ आमचं कार ॲक्सेसरीजचं दुकान आहे. सीट कव्हर, रिव्हर्स कॅमेरा हे पोरं बघतात, डॅशबोर्डवरच्या मान डोलावणाऱ्या बाहुल्या मात्र मी स्वतः हातात घेतो.

परवा मायको कंपनीतून (आताची बॉश) रिटायर झालेले एक काका आले. पिशवीतून मान डोलावणारा डॅशंड काढला, म्हणजे बुटक्या पायांच्या लांबट कुत्र्याचा बाहुला, तपकिरी, मखमली अंगाचा. नोकरीत असताना ट्रेनिंगला जर्मनीला गेले होते तेव्हा आणलेला. तिकडे १९६० च्या दशकात हे कुत्रे गाड्यांच्या मागच्या काचेखाली बसायचे, मग फॅशन गेली, आणि ९० च्या दशकाच्या शेवटी आराल पेट्रोलपंपाच्या जाहिरातीत एक दिसला तसे परत सगळ्यांना हवेसे झाले. काकांचा त्याच्या कितीतरी आधीचा.

काका म्हणाले, "अरे, हा हो म्हणायचा, आता नाही म्हणतो."

बघतो तर कुणीतरी मानेत बॉलपेनची स्प्रिंग कोंबलेली! मान डोलते म्हणजे आत स्प्रिंगच असणार असं आपल्याकडे मेकॅनिकलाही वाटतं. स्प्रिंग असते बॉबलहेडमध्ये, अमेरिकेतल्या त्या बेसबॉल खेळाडूंच्या बाहुल्यांत. या कुत्र्याचं डोकं गळ्याच्या भोकात हुकवर टांगलेलं असतं आणि मानेच्या आतल्या टोकाला वजन, गाडी हलली की ते झुलतं आणि तोंड वरखाली होतं. वजन कमी पडलं तर तोंड जमिनीकडे, जास्त झालं तर आभाळाकडे. मूळ वजन गायबच होतं, मग शेजारच्या टायरवाल्याकडून व्हील बॅलन्सिंगचं ५ ग्रॅमचं वजन आणलं आणि कातरत कातरत तोल साधला. चिकटवायला अराल्डाइट, कारण फेविक्विकच्या वाफेने मखमलीवर पांढरे डाग पडतात. टिचकी मारली. खाली, वर, खाली, वर, थांबेचना. काकांचा चेहरा असा खुलला की काय सांगू.

आता मुख्य गोष्ट. काकांची फियाट भंगारात गेलीय, दारात मुलाची नवी गाडी. "इथे चिकटव" म्हणून काकांनी बोट ठेवलं ते नेमकं एसआरएस एअरबॅग लिहिलेल्या झाकणावर. मी नाही म्हटलं. धडक बसली की ते झाकण पापणी लवायच्या आत उघडतं आणि वर जे असेल ते पुढे बसलेल्याच्या तोंडावर येतं. आमच्या लाईनीत दोनशे रुपयांसाठी त्याच झाकणावर देव, परफ्यूम, काय वाट्टेल ते चिकटवून देणारे आहेत आणि मला त्यांचा मनापासून राग येतो. मागे बसवू, याची खरी जागा तीच, असं म्हणालो.

"मागे? मग मला दिसणार कसा? गाडी आता मुलगा चालवतो, मी इथेच बसतो. तोंड माझंच आहे ना?"

मुलगा मोबाईलमध्ये. मी ठाम राहिलो, पैसे ठेवून काका कुत्रा पिशवीत घालून गेले. झाकणावर मी उद्याही काही लावणार नाही, पण दोन रात्री तेच डोक्यात आहे. मधे सगळी टचस्क्रीन, डॅशवर दुसरी सपाट जागाच नाही. गिअरच्या पुढे एक कप्पा आहे, तिथे खाली घट्ट बसवला आणि मान वर यायला दोन बोटं मोकळी राहिली तर जमेल बहुतेक. तसलीच गाडी उद्या काचांना फिल्म लावायला येतेय, माप घेऊन काकांना फोन करतो.