जुन्या माउंटन बाइकचे गिअर पुन्हा चालू करताना

1990च्या दशकातली स्टीलची माउंटन बाइक हाती आली, तेव्हा सॅन फ्रान्सिस्कोजवळच्या बे एरियातल्या सगळ्या मित्रांचा सल्ला एकच होता: जुने गिअर काढ, नवे बसव. मी आधी मापं घेतली. मागच्या हबची, म्हणजे चाकाच्या मधल्या तुंब्याची रुंदी 135 मिलिमीटर, हल्लीच्या बहुतेक माउंटन बाइकची 148, म्हणजे नवं चाक जुन्या फ्रेममध्ये बसत नाही. शिवाय 10 दात्यांपासून सुरू होणारी कॅसेट (मागच्या चाकावरचा दातेरी चकत्यांचा संच) जुन्या हबवर चढत नाही. म्हणून आहे तेच नीट करायचं ठरवलं.

खरं काम शिफ्टरचं, म्हणजे हँडलवरच्या गिअर बदलायच्या खटक्यांचं निघालं. उजवा खटका दाबला की नुसता आत जायचा, केबल जागची हलायची नाही. त्या काळच्या रॅपिडफायर (अंगठ्याने-बोटाने दाबायच्या) शिफ्टरांचं हे नेहमीचं दुखणं आहे. आतलं ग्रीस सुकून मेणासारखं घट्ट होतं आणि खटक्याची पकड दात्यात अडकत नाही. आतल्या बारीक स्प्रिंगा परत बसवणं फार जिकिरीचं, म्हणून शिफ्टर खोलला नाही. केबल काढली, फटीतून डिग्रीझर (ग्रीस विरघळवणारं द्रावण) मारला आणि खटका दाबत राहिलो. आधी तपकिरी घाण आली, मग पिवळट पाणी, आणि मग एकदम ‘टक्’! त्या आवाजाने जो आनंद झाला, तो नवी बाइक घेतानाही झाला नव्हता. शेवटी आत पातळ तेल सोडलं. 7 गिअरची कॅसेट आणि चेन आजही नवी मिळते, तीही स्वस्तात.

मग बे एरियातल्याच माउंट टॅमलपायस डोंगरावर, रेलरोड ग्रेड नावाच्या कच्च्या वाटेवर गेलो. 1896 ते 1930 इथून डोंगरावर रेल्वे जायची, त्यामुळे चढ लांबलचक पण सौम्य आहे. सोबत मित्राची 12 गिअरची बाइक होती. माझ्याकडे पुढे, पायडलपाशी, 24-36-46 दात्यांच्या तीन चकत्या (चेनरिंग) आणि मागे 11 ते 28 दाते. त्याच्याकडे पुढे एकच 32 आणि मागे 10 ते 51. सर्वांत जड आणि सर्वांत हलक्या गिअरमधलं अंतर माझ्याकडे 4.9 पट, त्याच्याकडे 5.1 पट. फरक नगण्यच! शिवाय माझ्या 21 जोड्यांपैकी कितीतरी सारख्याच: पुढे 24-मागे 11 आणि पुढे 46-मागे 21 मध्ये पाय जवळजवळ तेवढेच फिरतात. पण जुन्या गिअरांचा कल वेगाकडे आहे. पुढचे दाते भागिले मागचे दाते केलं, तर माझा सर्वांत हलका गिअर 0.86, त्याचा 0.63; आकडा जितका लहान, तितका चढ सोपा. खड्या वळणावर तो बसून पायडल मारत गेला, मला उभं राहावं लागलं.

उताराला मात्र नवं तंत्र निर्विवाद सरस आहे. त्याच्या डिरेलरमधला (चेन एका चकतीवरून दुसरीवर नेणाऱ्या यंत्रणेतला) क्लच चेन ताणून धरतो आणि चेनरिंगचे आलटून-पालटून जाड-बारीक दाते ती सुटू देत नाहीत. माझी चेन फ्रेमवर आपटत होती, एकदा तर उतरलीच. आता उतार लागण्याआधीच मी ती मोठ्या चेनरिंगवर घेतो. तिथे ती जास्त ताणलेली राहते, आपटणंही बरंच कमी झालंय. 12 गिअरचा हेवा वाटत नाही, त्या क्लचचा वाटतो.