आमचं घर की आपलं घर

मी सबटायटल्स तपासायचं काम करते. म्हणजे दुसऱ्या कोणीतरी केलेला मराठी अनुवाद रिलीजच्या आधी माझ्याकडे येतो, मी सिनेमा लावून ओळ न् ओळ बघते, टायमिंग, शुद्धलेखन, एका ओळीत 42 च्या वर अक्षरं जात नाहीत ना, दोनच्या वर ओळी नाहीत ना, असलं सगळं. घरूनच, डोंबिवलीतून. काम शांत आहे, पण गेल्या पावसाळ्यातला एक दिवस अजून डोक्यातून जात नाही म्हणून लिहितेय.

सिनेमा तमिळ होता, लव्हस्टोरी, पूर्ण सिंगापूरमध्ये घडणारी. करार आहे म्हणून नाव लिहीत नाही. तमिळ सिनेमाला सिंगापूर काही नवीन नाही, 1978 च्या 'प्रिया'मध्ये रजनीकांत आणि श्रीदेवी तिथे होते, 1979 मध्ये के. बालचंदर यांनी कमल-रजनीला घेऊन 'निनैत्ताले इनिक्कुम' केला तोही तिथलाच. पण त्या सिनेमांमधली माणसं तिथे बाहेरून गेलेली असायची. या सिनेमातली मुलगी तिथेच जन्मलेली, तिची आजीसुद्धा तिथलीच. तमिळ ही सिंगापूरच्या चार अधिकृत भाषांपैकी एक, मेट्रोच्या पाट्यांवर पण तमिळ दिसतं, त्यामुळे तिला ते परदेश वाटतच नाही. मुलगा मदुराईचा, नोकरीसाठी गेलेला, बऱ्याच वर्षांनी तिथला परमनंट रेसिडेंट झालेला, तरी मन सगळं गावाकडे. भांडण एवढंच की घर कुठे करायचं.

आता फाइल कशी येते ते सांगते, कारण सगळा घोळ तिथेच झाला. तमिळचं आधी इंग्रजी होतं, त्याला टेम्प्लेट म्हणतात, आणि मग त्या इंग्रजीवरून मराठी, हिंदी, बंगाली सगळे आपापलं करतात. मराठी अनुवाद करणाऱ्याला तमिळ येत असेलच असं नाही, बहुतेक वेळा नसतंच, आणि त्यात त्याची चूक काहीच नाही कारण त्याला टेम्प्लेटवरूनच करायला सांगितलेलं असतं.

मला तमिळ येतं ते माटुंग्यामुळे. आई-बाबा दोघं नोकरीला, मी शाळेतून आले की शेजारच्या तमिळ मामींकडे. मामी माझ्याशी तमिळमध्येच बोलायच्या, मी मराठीत उत्तर द्यायचे, सात-आठ वर्षं हे असंच चाललं. लिपी आजही नीट वाचता येत नाही, पण कान पक्का आहे.

सकाळी दहाला सुरुवात केली, दुसऱ्या दिवशी सकाळी डिलिव्हरी. पहिल्या अर्ध्या तासातच खटकायला लागलं. मुलीची आई नवऱ्याला हाक मारते 'एन्नंग', आणि खाली मराठीत येतं 'ऐका'. अरे, एन्नंग म्हणजे चक्क अहो! मामी आयुष्यभर मामांना तशीच हाक मारायच्या आणि आमच्या घरी आई बाबांना अहो. दोन्हीकडे नाव घ्यायचं नाही, तेच वळण, तोच सूर. इंग्रजीत 'लिसन' झालं आणि मराठीत येईपर्यंत त्यातला संसार निघून गेला.

मग चांगी विमानतळाचा सीन. मुलगा रागाने म्हणतो 'नान पोरेन'. खाली लिहिलेलं, 'मी निघतोय.' ज्याला तमिळ घर माहितीये त्याच्या पोटात इथे गोळा येतो, कारण निघताना असं कोणी म्हणत नाही, 'पोयिट्टु वरेन' म्हणायचं असतं, जाऊन येतो. एकदा मी चुकून 'पोरेन' म्हणाले तर मामींनी मला दारातून परत बोलावून, बसवून, पाणी देऊन मग पाठवलं होतं. आणि आपल्याकडे काय वेगळं आहे? जाते म्हणू नये, येते म्हणावं, प्रत्येक आजीने सांगितलेलं असतं. म्हणून मी ती ओळ केली, 'जातो मी.' शब्द दोनाचे दोनच राहिले, पण मराठी माणसाला बरोबर जिथे लागायला हवं तिथे लागली.

पण खरा धक्का शेवटी होता.

शेवटचा सीन एका अर्धवट बांधलेल्या सरकारी बिल्डिंगसमोर आहे. सिंगापूरमध्ये 80 टक्क्यांच्या आसपास लोक सरकारी हाउसिंग बोर्डाच्या म्हणजे एचडीबीच्या फ्लॅटमध्ये राहतात, आणि एकट्या अविवाहित माणसाला असा फ्लॅट 35 वर्षांच्या आधी घेताच येत नाही, पण लग्न ठरलेलं जोडपं मिळून अर्ज करू शकतं. त्यामुळे तिथे 'फ्लॅटसाठी अर्ज करूया का' हे विचारणं म्हणजे जवळजवळ लग्नाची मागणी घालणंच. मुलगा विमानतळावरून परत आलाय, काहीच बोलत नाही, आणि ती त्या बिल्डिंगकडे बोट दाखवून म्हणते, 'नम्म वीडु इंगदान.'

टेम्प्लेटमध्ये त्याचं 'अवर होम इज हिअर' एवढंच होतं. आणि मराठी सबटायटल, 'आमचं घर इथे आहे.'

मी पॉज केलं. तमिळमध्ये आमचं म्हणायचं तर 'एंग', आपलं म्हणायचं तर 'नम्म'. सिनेमाभर ती त्याला 'एंग वीडु' म्हणत आलीये, आमचं घर, म्हणजे माझ्या आई-बाबांचं, यात तू नाहीस. दोन तासांनंतर पहिल्यांदा ती 'नम्म' म्हणते. त्या एका शब्दासाठी पूर्ण सिनेमा बनवलाय! आणि आपण खाली लिहिलं होतं आमचं घर इथे आहे, म्हणजे तू जा. नेमका उलटा अर्थ. त्यावर तो रडत रडत हसतो, तर मराठी प्रेक्षकाला वाटणार याला झालंय काय.

मला वाईट याचं वाटलं की हिंदीवाल्यांची अडचण मी समजू शकते, त्यांना 'हमारा'वरच भागवावं लागतं. पण मराठीत आम्ही आणि आपण वेगळे आहेत! हा भेद आपल्याकडे दक्षिणेच्या शेजारातून आला असं भाषेचे अभ्यासक सांगतात. म्हणजे ज्या शेजाऱ्याकडून घेतलं त्याचंच बोलणं आपल्याला कळेना, कारण मध्ये इंग्रजी बसलेलं.

आमच्या टीमच्या लीडला फोन केला. तो म्हणाला टेम्प्लेटपासून लांब जायचं नाही असा नियम आहे. मी म्हटलं, टेम्प्लेट राहू दे, तू ऑडिओ ऐक, आणि आधीचे चार सीन पाठवले. अर्ध्या तासाने त्याचा फोन, 'ताई, करा तुम्ही, मी वर बोलतो.' मग मी पहिल्यापासून पुन्हा बसले, कुठे नांग म्हणजे आम्ही आहे, कुठे नाम म्हणजे आपण, सगळं कानाने शोधून. नुसत्या आमचं-आपलंच्या 31 ओळी निघाल्या. शेवटची ओळ 'आपलं घर इथेच आहे' अशी केली, त्या 'इंगदान'मधला 'दान' म्हणजे अगदी आपला 'च', तोही परत मिळाला. पहाटे पावणेतीनला फाइल गेली.

रिलीजनंतर आईबरोबर बघितला, तिला तमिळचा एक शब्द येत नाही. त्या ओळीला ती म्हणाली, 'हो म्हणाली वाटतं.' 

फक्त ट्रेलर वेगळ्या टीमने केलाय आणि त्यात अजूनही 'आमचं घर' आहे. दोन मेल टाकलेत. सोमवारी तिसरा टाकणार आहे.