एकोणीस सेव्ह आणि एक बेट

२०२४ च्या गणपतीत ताई नागपूरहून आली होती, तेव्हा माझा जुना निन्टेंडो स्विच, म्हणजे हातात धरून गेम खेळायचे यंत्र, भाऊबीजेला भाच्याला देईन, असे मी बोलून गेलो. माझ्यासाठी ओएलईडी पडद्याचा स्विच घ्यायचे मनात पक्के झाले होते, त्यामुळे शब्द देताना काही जड वाटले नाही. जड वाटले ते ऑक्टोबरात, जेव्हा नवे यंत्र घरी आल्यावर जुन्यातील सेव्ह डेटाची, म्हणजे खेळांतल्या साठवलेल्या प्रगतीची, यादी उघडून पाहिली आणि एकोणीस खेळांची नावे एकाखाली एक दिसली. त्यांपैकी काही खेळांना मी तीन-तीन वर्षांत हात लावला नव्हता, तरी त्यांतले एकही पुसायला मन तयार होईना.

हे यंत्र न हाताळलेल्या वाचकाला आधी एवढे सांगायला हवे की, खेळ आणि सेव्ह या दोन अगदी वेगळ्या वस्तू आहेत. ‘ब्रेथ ऑफ द वाइल्ड’ हा खेळ साधारण १४ जीबीचा आहे. तो पुसला गेला तर रात्रभर इंटरनेट चालू ठेवून पुन्हा उतरवता येतो, आणि खेळाचे कार्ड विकत घेतलेले असेल तर ते खोचले की काम झाले. सेव्ह त्या मानाने चिमूटभर, काही एमबींचा. पण लाखो लोकांकडे असलेल्या त्या एकाच खेळातला माझा सेव्ह मात्र फक्त माझ्याकडे असतो. स्विचमध्ये तो यंत्राच्या अंतर्गत मेमरीत राहतो. गेम कार्डावर तो नसतो आणि वरून घातलेल्या मायक्रोएसडी कार्डावरही नसतो. माझा एक मित्र नोकरीसाठी हैदराबादला जाताना आपले सगळे गेम कार्ड डबीत भरून घेऊन गेला आणि स्विच धाकट्या भावाकडे ठेवून गेला. तिकडे नवीन यंत्र घेऊन त्याने कार्ड खोचले, तेव्हा शंभर तास खेळलेला खेळ त्याला पहिल्यापासून सुरू करायला सांगू लागला. त्याचा फोन आला तेव्हा काही बिघडलेले नाही आणि सेव्ह भावाकडच्या यंत्रात सुखरूप आहे, हे त्याला पटवायला मला अर्धा तास लागला.

त्याचा गैरसमज समजण्यासारखा होता, कारण आमच्या पिढीचे हात निन्टेंडोच्याच जुन्या गेम बॉय या यंत्रावर वळलेले आहेत. तिथे सेव्ह कार्ट्रिजमध्येच, म्हणजे खेळाच्या खोचायच्या पेटीतच, असे. कार्ट्रिजच्या आत एक छोटी रॅम (मेमरी) आणि तिला जागती ठेवणारी नाण्याच्या आकाराची बॅटरी, एवढाच सगळा संसार. मस्कतच्या काकांनी आणलेले ‘पोकेमॉन सिल्व्हर’ माझ्या गेम बॉय कलरमधून काढून चुलतभावाच्या गेम बॉय ॲडव्हान्समध्ये घातले की आदल्या रात्री जिथे थांबलो तिथूनच पुढे खेळता येई. ‘स्थलांतर’ असा शब्दही कुणाच्या मनात येत नसे. उणीव एकच होती की, ती बॅटरी मरणार हे ठरलेले असे. त्यातून ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’ या दोन खेळांत दिवस-रात्र मोजणारे घड्याळही त्याच बॅटरीवर चालायचे, त्यामुळे ती आणखी लवकर दमायची. माझी केव्हा दमली ते कळलेच नाही. बारावीच्या परीक्षेनंतर कपाटातून कार्ट्रिज काढले तेव्हा मागचे चालू ठेवण्याचा पर्यायच पडद्यावर नव्हता. बॅटरी बदलून घेता येते, पण जुनी काढल्याबरोबर रॅमचा वीजपुरवठा तुटतो आणि उरलेसुरले असेल तेही जाते, हे त्यानंतर समजले.

माझ्या मते सेव्हच्या बाबतीत सर्वांत सरळ वागणारे यंत्र म्हणजे सोनीचे पीएसपी. खेळ यूएमडी चकतीवर आणि सेव्ह मेमरी स्टिकवर. पीएसपी यूएसबी वायरने संगणकाला जोडले की मेमरी स्टिक पेन ड्राइव्हसारखी उघडे. तिच्यात ‘पीएसपी’ नावाचा फोल्डर, त्याच्या आत ‘सेव्हडेटा’, आणि त्याच्या आत प्रत्येक सेव्हचा वेगळा फोल्डर. तो उचलायचा, दुसऱ्या पीएसपीच्या त्याच जागी ठेवायचा, आणि बाहेर यायचे. कॉलेजच्या वसतिगृहात आम्ही चौघे या पद्धतीने एकमेकांच्या पुढे-मागे खेळत असू. एकाने अडलेला टप्पा पार केला की त्याचा सेव्ह रात्रीतून सगळ्यांकडे. एकदाच हा व्यवहार फसला. मित्राची चकती त्याच्या आत्याने अमेरिकेहून पाठवलेली होती आणि माझी युरोपीय आवृत्ती होती. फोल्डर व्यवस्थित कॉपी झाला, पीएसपीच्या यादीत चित्रासकट दिसूही लागला. पण खेळ काही केल्या तो ओळखेना. दोन दिवसांनी फोल्डरांची नावे शेजारी ठेवून पाहिली तेव्हा उलगडा झाला: त्याच्या फोल्डरच्या नावाची सुरुवात ‘यूएलयूएस’ अशी होती आणि माझ्या ‘यूएलईएस’ अशी. खेळ तोच असला तरी प्रत्येक प्रदेशाच्या आवृत्तीचा क्रमांक वेगळा असतो आणि खेळ फक्त आपल्या क्रमांकाचा फोल्डर शोधतो. नाव बदलूनही भागत नाही, कारण आतील फाइलींतही त्याच्या खुणा असतात.

पीएसपीनंतर दारे बंद होत गेली. निन्टेंडो ३डीएसमध्ये कार्डावरच्या खेळाचा सेव्ह बहुतेक वेळा कार्डातच राही, परंतु ऑनलाइन विकत घेतलेले खेळ आणि त्यांचे सेव्ह एसडी कार्डावर कुलूपबंद रूपात असत आणि त्या कुलपाची किल्ली त्या एका यंत्रातच असे. ते एसडी कार्ड दुसऱ्या ३डीएसमध्ये घातले तर आत काहीच नसल्यासारखे दिसते. हलवायचे असेल तर दोन्ही यंत्रे समोरासमोर ठेवून ‘सिस्टिम ट्रान्सफर’ करायचा, आणि तो चालू असताना पिकमिन नावाची इवली पात्रे पडद्यावरून सामान वाहून नेताना पाहत बसायचे. ते दृश्य इतके गोड आहे की यातली मेख लक्षात येत नाही: दोन्ही यंत्रे चालू अवस्थेत हवीत. जुने पाण्यात पडले असेल तर पिकमिन कुठून काय वाहणार? मार्च २०२३ मध्ये त्या यंत्राचे ऑनलाइन दुकान नव्या खरेदीसाठी बंद झाले, तेव्हापासून माझ्याकडचे ३डीएस मी महिन्यातून एकदा चार्ज करून ठेवतो.

तर आता स्विचकडे. मार्च २०१७ मध्ये हे यंत्र बाजारात आले तेव्हा त्यातून सेव्ह बाहेर काढण्याची कोणतीही सोय नव्हती. त्या वर्षीच्या ऑक्टोबरातील ४.० या अद्ययावतीकरणाने एका वापरकर्त्याचा संपूर्ण सेव्ह डेटा दुसऱ्या यंत्रावर नेण्याची सोय आली, आणि एप्रिल २०१९ मधील ८.० ने एकेका खेळाचा सेव्ह निवडून पाठवण्याची. मधल्या काळात, सप्टेंबर २०१८ पासून, निन्टेंडोच्या ऑनलाइन सेवेची वर्गणी भरणाऱ्यांसाठी क्लाउडवर प्रत ठेवण्याची सोय सुरू झाली. माझी वर्गणी मागच्या वर्षी संपली होती आणि मी ती भरली नव्हती. वर्गणी संपल्यावर १८० दिवसांच्या आत पुन्हा भरली तर क्लाउडवरचे सेव्ह मिळू शकतात, पण माझी ती मुदतही उलटून गेली होती. भारतात निन्टेंडोचे अधिकृत दुकान नाही, खाते परदेशाच्या नावावर ठेवावे लागते, आपले बँक कार्ड तिथे चालेलच असे नाही आणि मग प्रीपेड कोड शोधत बसावे लागते. या सगळ्याचा कंटाळा येऊन वर्गणी राहून गेली होती. यंत्रावरून यंत्रावर पाठवायला मात्र वर्गणी लागत नाही.

घरात दोन वापरकर्ते होते, मी आणि माझी पत्नी. तिचे काम एका फटक्यात झाले. दोन्ही स्विच शेजारी ठेवले, दोन्ही इंटरनेटला जोडले, दोन्हींना चार्जर लावले, जुन्यावर ‘पाठवणारे यंत्र’ आणि नव्यावर ‘घेणारे यंत्र’ अशी भूमिका निवडली, तिच्या खात्याने नव्यावर प्रवेश केला आणि थोड्या वेळात तिचा वापरकर्ता सगळ्या सेव्हसकट जुन्या यंत्रावरून नाहीसा होऊन नव्यावर उगवला. हे काम आम्ही मुद्दाम बुधवारी रात्री केले. पुण्यात गुरुवारी वीज जाण्याची परंपरा आहे आणि मध्येच इंटरनेट जाणे या कामाला परवडणारे नसते.

माझे काम अडले ते माझ्याच उतावीळपणामुळे. नवे यंत्र आले त्याच संध्याकाळी मी त्यावर माझे खाते जोडून एक खेळ खेळायला बसलो होतो. ज्या यंत्रावर तुमचे खाते आधीच जोडलेले आहे, तिथे तुमचा वापरकर्ता अख्खा हलवता येत नाही, कारण तिथे तुम्ही अगोदरच हजर असता. मग उरला एकेक सेव्ह पाठवण्याचा मार्ग. जुन्या यंत्राच्या सेटिंगमधून ‘डेटा मॅनेजमेंट’मध्ये जायचे, खेळ निवडायचा, पाठवायचा, नव्यावर स्वीकारायचा, आणि पुढचा घ्यायचा. यात दोन गोष्टी डोळ्यांत तेल घालून पाहाव्या लागतात. पहिली, सेव्ह पाठवला की तो जुन्या यंत्रावरून जातो. त्याची प्रत मागे राहत नाही. दुसरी, घेणाऱ्या यंत्रावर त्याच खेळाचा सेव्ह आधीपासून असेल तर येणारा सेव्ह त्याच्यावर लिहिला जातो. त्या पहिल्या संध्याकाळी मी नव्यावर जो खेळ सुरू केला होता, त्यातली दोन तासांची प्रगती अशी गेली. तिचे दुःख नाही. चुकून उलट दिशेने पाठवले असते तर दीडशे तास गेले असते, या विचाराने मात्र मी प्रत्येक वेळी ‘ओके’ दाबण्यापूर्वी दोन्ही यंत्रांवरचे नाव मोठ्याने वाचत होतो. पत्नीने शेवटी दार लावून घेतले.

मायक्रोएसडी कार्डाबद्दलही एक भ्रम मला होता. १२८ जीबीचे कार्ड जुन्यातून काढून नव्यात घातले की निदान खेळ पुन्हा उतरवावे लागणार नाहीत, असा माझा हिशेब होता. तो चुकला. कार्डावरचे खेळ ज्या यंत्रावर उतरवले त्याच यंत्राला बांधलेले असतात. दुसऱ्या यंत्रावर फक्त फोटो आणि चित्रफिती दिसतात. तेव्हा फोटो आधी संगणकावर काढून घेतले, कार्ड फॉरमॅट केले आणि पुढचे तीन दिवस खेळ उतरत राहिले.

आता राहिले बेट. ‘ॲनिमल क्रॉसिंग: न्यू होरायझन्स’ हा खेळ मार्च २०२० मध्ये आला, आणि ते दिवस आठवत असतील तर त्या बेटाचे आमच्या घरात काय स्थान होते हे वेगळे सांगायला नको. बाहेर टाळेबंदी, आणि आत आम्ही दोघे पाळीपाळीने शलगमाचे भाव पाहत, ओंडके तोडत, शेजारच्या प्राण्यांना पत्रे लिहीत बसलो होतो. या खेळाचा नियम असा की, एका यंत्रावर एकच बेट, मग त्या यंत्रावर खेळणारे कितीही असोत. त्यामुळे हा सेव्ह माझाही नव्हता आणि तिचाही नव्हता. तो यंत्राचा होता. नेहमीच्या वापरकर्ता-स्थलांतरात तो येत नाही, एकेक सेव्ह पाठवण्याच्या यादीतही येत नाही आणि नेहमीच्या क्लाउड सेवेतही बसत नाही. त्याच्यासाठी बेट हलवणारे एक वेगळे मोफत ॲप २०२० च्या नोव्हेंबरात आले. ते दोन्ही यंत्रांवर उतरवून घ्यावे लागते आणि घेणाऱ्या यंत्रावर आधीपासून बेट असून चालत नाही. हे सगळे मी आधी वाचून ठेवले होते, म्हणून बेटाचे काम सर्वांत आधी उरकले होते. ते संपल्यावर जुन्या यंत्रावर बेटाचा मागमूस राहिला नाही. नव्यावर खेळ उघडला तेव्हा बऱ्याच महिन्यांच्या गैरहजेरीमुळे सगळीकडे तण माजले होते आणि पत्नीच्या घरात झुरळे निघाली. ही झुरळे खेळातलीच, एवढे इथे स्पष्ट करतो.

न्यू जर्सीत राहणाऱ्या माझ्या आतेभावाला ही हकीकत सांगितली तेव्हा तो हसला. त्याच्याकडे स्टीम या ऑनलाइन दुकानातले संगणकाचे खेळ चालवणारे स्टीम डेक हे हातातले यंत्र आहे. त्याचे मायक्रोएसडी कार्ड काढून दुसऱ्या डेकमध्ये घातले तर खेळ लगेच दिसतात, आणि बहुतेक सेव्ह स्टीमच्या क्लाउडवरून विनामूल्य आपोआप येतात. तिथेही एक फट आहेच. खेळ बंद केल्यावर सेव्ह वर चढतो. खेळ चालू ठेवून डेक नुसताच झोपवला तर बऱ्याच खेळांचा सेव्ह चढत नाही, आणि मग संगणकावर तोच खेळ उघडला की ‘क्लाउडवरचा ठेवू की इथला?’ असा प्रश्न समोर येतो. घाईत त्याने एकदा तारीख न पाहता उत्तर दिले होते, आणि क्लाउडची सोय नसलेल्या खेळांचे सेव्ह ‘कॉम्पॅटडेटा’ नावाच्या फोल्डरात आकडी नावांच्या जंगलातून शोधण्यात त्याचा एक शनिवार गेला होता. तेव्हा तो फार वेळ हसला नाही.

भाऊबीजेच्या आदल्या दिवशी जुना स्विच कारखान्यातून आल्यासारखा कोरा केला. रिकामी यादी पाहून क्षणभर पोटात गोळा आला, म्हणून नव्या यंत्रावर जाऊन एकोणीस खेळांपैकी प्रत्येक खेळ एकदा उघडून पाहिला, आणि मगच नागपूरची गाडी पकडली.

भाच्याला ‘ॲनिमल क्रॉसिंग’चे कार्ड वेगळे घेऊन दिले होते. माझे बेट त्या यंत्रावर राहिले असते तर त्याला माझ्याच बेटावर पाहुण्यासारखे घर बांधावे लागले असते. ते निघून गेल्यामुळे त्याला स्वतःचे मिळाले. बेटावरच्या पहिल्या शेकोटीपाशी टॉम नूक या पात्राने बेटाचे नाव विचारले तेव्हा त्याने आईकडे पाहिले, मग माझ्याकडे, आणि देवनागरी कळफलक नसल्यामुळे रोमन अक्षरे एकेक वेचत नागपुरातल्या तलावाचे नाव टाइप केले: फुटाळा.