तिसऱ्या खेपेची पुतीन

जानेवारीतल्या त्या आठवड्यात मॉन्ट्रियलमध्ये पारा उणे 27 वर उतरला होता. आईला कराडहून येऊन दोन महिने झाले होते. पहिल्या बर्फाचं कौतुक केव्हाच संपलं होतं. "नुसतं पांढरं," असं म्हणून ती दुपारीच पडदा ओढून घ्यायची. तसाही साडेचारच्या सुमाराला सूर्य मावळायचा.

अशा दिवसांत इथली, म्हणजे कॅनडाच्या क्युबेक प्रांतातली माणसं पुतीन खातात. गरमागरम फ्राइज, त्यावर ताज्या चीजचे ओबडधोबड गोळे आणि वरून उकळती तपकिरी ग्रेव्ही. दिसायला रूप नाही काही. इथल्या बोलीत या शब्दाचा एक अर्थच मुळी 'गिचका' असा आहे. उच्चारही इथले लोक 'पुत्सिन' असा काहीतरी करतात. आईनं पहिल्यांदा ऐकलं तेव्हा म्हणाली, "रशियाचा तो?" तिचं फार चुकलं नव्हतं. फ्रेंचमध्ये त्या गृहस्थांचं आडनाव आणि हा पदार्थ एकाच स्पेलिंगनं लिहितात.

मी आधी सोपा मार्ग धरला आणि घरपोच मागवली. चाळीस मिनिटांनी डबा आला, उघडला तर आत लगदा. पुतीन वाढल्यापासून फार तर दहा मिनिटं जगते. फरसाण घालून ठेवलेली मिसळ कुणी तासाभरानं पुढ्यात ठेवावी, तसलाच प्रकार. शिवाय आईनं विचारलं, "रस्सा कशाचा?" आई माळकरी. नेहमीची ग्रेव्ही गोमांस आणि कोंबडीच्या स्टॉकची. मी डबा नवऱ्याकडे सरकवला आणि आईला वरणभात वाढला. ती काही बोलली नाही, पण तो वास तिला आवडला होता हे माझ्या लक्षात आलं. दोनदा नाक वर केलं होतं तिनं.

म्हटलं, घरीच करू. बटाटे तळायचे, ग्रेव्ही करायची, चीज टाकायचं. त्यात अवघड ते काय?

पहिल्या खेपेला मी तीन चुका एकदम केल्या. चीज म्हणून किसलेलं मोझरेला घातलं. ते ग्रेव्हीत विरघळून तारा ओढत बसलं, पिझ्झा भिजल्यासारखं. ग्रेव्हीत कॉर्नफ्लोअर कोरडंच भुरभुरवलं, त्याच्या वाटाण्याएवढ्या गुठळ्या झाल्या. आणि बटाटे. भाजीचं कपाट हीटरला लागून आहे म्हणून आईनं आठवडाभर ते फ्रीजमध्ये ठेवले होते, मीही काही म्हटलं नव्हतं. कढईत टाकताच दोन मिनिटांत चॉकलेटी झाले, आतून कच्चे. थंडीत बटाट्यातल्या पिठाची साखर होते आणि ती साखर तेलात पटकन करपते, हे मी नंतर वाचलं. धुरानं छतावरचा अलार्म कोकलायला लागला. नवरा स्टुलावर चढून टॉवेल फडकवतोय, आई देवासमोरची निरांजन विझवतेय. तिला वाटलं, त्याच्यामुळेच!

ऑफिसातल्या मैत्रिणीला हे सांगितलं तर तिनं कपाळावर हात मारला. ती द्रुमोंव्हिलची. पुतीन नक्की कुठली यावरून इथे मिसळीसारखंच भांडण आहे. वारविक गावचे लोक सांगतात, 1957 मध्ये फर्नां लाशांस यांच्या खानावळीत एका गिऱ्हाइकानं फ्राइजच्याच पिशवीत चीज घालून मागितलं, तिथून सुरुवात झाली. द्रुमोंव्हिलचे लोक म्हणतात, ग्रेव्हीसकट पूर्ण पदार्थ आमच्या ले रॉय जुसेप या खानावळीत 1964 मध्ये जाँ-पॉल रॉय यांनी विकायला आणला, त्याआधीचं सगळं अर्धवट. दोन्ही गावांत तासाभराचंही अंतर नाही. मैत्रिणीचं मत कुठल्या बाजूला हे सांगायला नकोच. पण तिनं तीन गोष्टी बजावल्या. चीज फ्रीजमधलं नको. बटाटे दोनदा तळ. आणि ग्रेव्ही उकळत नाही तोपर्यंत कुणालाही ताटावर बसवू नकोस.

चीजचं आधी सांगते, कारण सगळी गंमत तिथे आहे. चेडर करताना दूध फाडून, ढवळून, पाणी काढून टाकल्यावर जे गोळे उरतात, ते साच्यात दाबून मुरवायच्या आधीच पिशवीत भरतात. फ्रोमाज आँ ग्रँ म्हणतात त्याला. क्युबेकमध्ये ते त्या दिवशीचं ताजं असेल तर फ्रीजबाहेर ठेवून विकायची मुभा आहे. आमच्या कोपऱ्यावरच्या देपानेरमध्ये, म्हणजे दूध-ब्रेड-बिअरच्या दुकानात, गुरुवारी दुपारी गल्ल्याशेजारी पिशव्या येतात. हाताला लागतात तेव्हा कोमट नसल्या तरी गार नसतात. एक गोळा तोंडात टाकला की दाताखाली कुईकुई करतो. अक्षरशः. नव्या चपलेसारखा. मुलं त्याला 'स्क्विक-स्क्विक' चीज म्हणतात.

आवाज येतो कारण ताज्या गोळ्यात केसिन हे प्रथिन कॅल्शियमनं घट्ट विणलेलं असतं. ते दातावर रबरासारखं घासतं. तास जातील तसं आम्ल वाढतं, कॅल्शियम सुटत जातो, वीण सैल पडते आणि गोळा मुका होतो. फ्रीजमध्ये टाकला की दुसऱ्या दिवशी मुकाच. मायक्रोवेव्हमध्ये पाचेक सेकंद फिरवला तर थोडा बोलतो, पण ते उसनं अवसान. आईनं विचारलं होतं, पनीर का नाही चालणार? पनीर आम्लानं फाडलेलं, ते वितळतच नाही, नुसतं गरम होतं. हे चीज ग्रेव्हीखाली बाहेरून जरा वितळतं आणि आतून तसंच राहतं. तेवढंच हवं असतं. माळकरणीसाठी रेनेटही बघावं लागलं, म्हणजे चीजचं दूध फाडणारं एन्झाइम; ते वासराच्या पोटातलंही असू शकतं. पिशवीवर 'सूक्ष्मजीवजन्य एन्झाइम' असं वाचलं तेव्हा कुठे मी ती गल्ल्यावर ठेवली.

दुसऱ्या खेपेला चीज जमलं, ग्रेव्ही फसली. मांसाशिवाय तो गडद, खोल स्वाद आणायचा कसा? मी भाजीच्या स्टॉकचे तयार चौकोन वापरले, तर मॅगीचा मसाला पाण्यात कालवल्यासारखं लागलं. मग चव वाढवायला वूस्टरशायर सॉसची बाटली उचलली आणि ओतणार इतक्यात फ्रेंच अक्षरांत 'आँश्वा' दिसलं. बारीक मासे! आईसमोर मी ती बाटली अशी घाईनं कपाटात ठेवली, जणू दारूच होती.

तिसऱ्या खेपेला, शनिवारी, आईनं पदर खोचला. "काय करायचंय ते नीट सांग. घाईघाईनं इंग्रजीत नको." मी समजावलं: लोण्यात मैदा भाजायचा, त्यात पाणी घालून दाट करायचं, कांदा आणि मशरूमचा अर्क घालायचा. तिनं पूर्ण ऐकून घेतलं आणि म्हणाली, "म्हणजे पिठलंच की."

मला दोन आठवडे हे सुचलं नव्हतं.

"अळंबी चालेल का तुला?" मी विचारलं. "पावसाळ्यात रानातून आणून खायचो आम्ही," एवढंच म्हणाली. पंधरा ग्रॅम वाळवलेले शिताके मशरूम गरम पाण्यात अर्धा तास भिजवले होते, ते पाणी गाळून घेतलं, तळाचा गाळ सोडून. दोन मोठे कांदे लांब चिरून मंद आचेवर पंचवीस मिनिटं परतले, मधाच्या रंगावर नाही, त्याच्या पुढे, खजुराच्या रंगापर्यंत. त्यात एक मोठा चमचा टोमॅटो पेस्ट, तीही लालची तपकिरी होईपर्यंत. मग मशरूम चिरून, त्यांचं पाणी आणि साधं पाणी मिळून साधारण 700 मिली, एक तमालपत्र, दोन मोठे चमचे सोया सॉस. वीस मिनिटं उकळून गाळलं. मीठ शेवटी चाखूनच, सोयात भरपूर असतं.

मैदा आईनं घेतला. 50 ग्रॅम लोणी, चार मोठे चमचे मैदा, जाड बुडाचं पातेलं. बेसनाच्या लाडवांना बसते तशी बसली, म्हणजे उभी राहूनच, पण त्याच चिकाटीनं. मी दोनदा म्हटलं, झालं. "वास आला का?" ती म्हणाली. नव्हता आला. बारा-तेरा मिनिटांनी शेंगदाणे भाजल्याचा वास सुटला आणि पातेल्यात बदामी रंग दिसला, तेव्हा तिनं गॅस बारीक केला. ग्रेव्हीचा गडदपणा निम्मा इथून येतो. फक्त मैदा जितका जास्त भाजावा तितकी त्याची दाटपणा आणायची ताकद कमी होते, म्हणून शेवटी एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवून घालावं लागलं. गरम अर्क तिनं पळी-पळीनं ओतला, डाव्या हातानं पळी, उजव्या हातानं रवी. एक गुठळी नाही. वर चमचाभर भरड मिरी आणि लहान चमचाभर ॲपल सायडर व्हिनेगर. व्हिनेगर वगळू नका. चीज आणि तेलाचा जडपणा तोच कापतो.

बटाटे सव्वा किलो, लांबट रसेट, दुकानातून आणून बाहेरच ठेवलेले. साल मी ठेवते. बोटाएवढे जाड काप, तासभर गार पाण्यात, पाणी नितळ दिसेपर्यंत दोनदा बदललं. मग टॉवेलवर पसरून खडखडीत कोरडे. इथे आळस केला तर तेल अंगावर येतं. पहिला घाणा 160 अंशांवर, पाच-सहा मिनिटं, रंग येऊ द्यायचा नाही, नुसतं आतून शिजवायचं. अर्धा तास चाळणीत गार होऊ दिले. दुसरा घाणा 190 वर, दोन-तीन मिनिटं. माझ्याकडे थर्मामीटर आहे, आईनं कणकेची गोळी टाकून बघितली आणि "आता" म्हणाली. काटा 188 वर होता. मी तिला सांगितलं नाही.

मग मात्र पळापळ. सगळं एकदमच गरम हवं. ग्रेव्ही शेजारच्या शेगडीवर रटरटतेय, नवऱ्यानं खोल बाउल ओव्हनमध्ये गरम करून ठेवलेत. फ्राइज झाऱ्यातून काढल्या, मीठ, निम्म्या बाउलात. त्यावर निम्मं चीज. परत फ्राइज, परत चीज, तिघांत मिळून 300 ग्रॅम. मग उकळती ग्रेव्ही, सगळं बुडेल इतकी नाही, कडेच्या काही फ्राइज कोरड्या राहतील अशी. आईनं त्यावर कोथिंबीर टाकायला हात पुढे केला आणि मी तिचा हात धरला. इतकं तरी द्रुमोंव्हिलला द्यावं लागतं.

पहिला घास घेऊन ती थांबली. मग तोंडातलं चीज कुईकुई वाजलं आणि ती खुदकन हसली, दोन महिन्यांत पहिल्यांदा अशी. "अगं, बोलतंय हे!" वरच्या फ्राइज कडक, मधल्या रश्श्यात निम्म्या भिजलेल्या, तळाच्या पार मऊ. प्रत्येक घास वेगळा. नवरा बोललाच नाही, तो बाउल खरवडत होता.

थोडी टीका तिनंही केली. तिखट नाही, म्हणाली. खरं आहे. आणि एवढं तेल आठवड्याला परवडणार नाही, न तब्येतीला न खिशाला. तेल गाळून मी बरणीत भरलंय, आणखी एकदा चालेल.

रविवारी सकाळी उठले तर स्वयंपाकघरात लसणीचा वास. उरलेली वाटीभर ग्रेव्ही फ्रीजमध्ये वडीसारखी थिजली होती. आईनं ती पाणी घालून सैल केली होती, वरून मोहरी, लसूण आणि हिरव्या मिरचीची चरचरीत फोडणी दिली होती आणि गरम भातावर घेऊन खिडकीशी बसली होती. पडदा उघडा होता.